पित्याचे नाव चालविणाऱ्या लेकी

आपल्या मंडळाच्या स्मरणिकेत दरवर्षी गुणवंत विद्यार्थ्यांची छायाचित्रे असतात, वधूवरांची माहिती असते, दिवंगतांना श्रद्धांजली असते आणि एखाद्या घराण्याची वंशावळही असते. हे सर्व योग्यच आहे. पूर्वजांचे स्मरण ज्या समाजात राहत नाही त्या समाजाची मुळे उथळ राहतात. परंतु वंशावळीत जे कधीच लिहिले जात नाही, अशा एका वारशाविषयी यंदा चार शब्द लिहावेत असे मनात आले. तो वारसा म्हणजे कलेचा.

जमिनीचा वारसा जपणे त्या मानाने सोपे असते. बाप गेला म्हणजे तलाठ्याकडे वारसनोंद होते, फेरफार निघतो आणि सातबाराच्या उताऱ्यावर मुलांची नावे चढतात. मुलगा दूर मुंबईस गिरणीत असला तरी बांध जागच्या जागी राहतो. कलेला सातबारा नाही. ढोलकीवरचा हात, गळ्यातला सूर, ऐन वेळी सुचलेले उत्तर ही इस्टेट अशी की, धन्याबरोबर तीही सरणावर जाते. जिवंतपणी ज्याने ती दुसऱ्याच्या हाती दिली त्याचीच काय ती मागे उरते. म्हणूनच एखाद्या नामवंत कलावंताचे नाव त्याच्या मुलांनी पुढे कसे चालविले, हा विषय केवळ करमणुकीचा नसून इतिहासाचा आहे.

यासाठी दूरचे उदाहरण शोधण्याची गरज नाही. आपल्या मुरबाडवरून सरळगाव, टोकावडे करीत माळशेज घाट चढून गेले की ओतूर लागते आणि त्यापुढे जुन्नर तालुक्यातील नारायणगाव. हा रस्ता आजचा. परंतु त्याच्याशेजारचा नाणेघाट सातवाहनांच्या काळापासून वाहता होता. जुन्नरचा माल याच घाटाने उतरून वैशाखऱ्यावरून कल्याणच्या बंदराकडे जाई. मालाबरोबर माणसे येतात आणि माणसांबरोबर गाणी येतात. घाटावरचा तमाशा आपल्या कोकणपट्टीच्या या टोकाला रुजला त्याचे कारण या घाटवाटांतच शोधावे लागेल.

आपल्याकडे त्याचे मोठे ठाणे म्हणजे म्हशाची यात्रा. पौष पौर्णिमेला म्हसा येथे खांबलिंगेश्वराची यात्रा भरते. बैलबाजार, घोंगड्यांची दुकाने, पाळणे आणि रात्री तमाशाचे तंबू हे तिचे रूप जुन्या मंडळींच्या डोळ्यांपुढे आजही उभे राहील. शहापूरकडील मंडळी किन्हवलीवरून बैलगाड्या जुंपून येत. दिवसा बैलाचे दात पाहावयाचे आणि रात्री वग पाहावयाचा, असा तो दुहेरी व्यवहार होता.

तमाशा म्हणजे केवळ नाचगाणे अशी समजूत ज्यांनी तो पाहिला नाही त्यांचीच असते. त्याला स्वतःचा क्रम आहे. प्रथम गण, म्हणजे गणेशाचे स्तवन. मग गौळण, तीत श्रीकृष्ण, पेंद्या आणि मावशी. मग बतावणी आणि लावण्या. आणि शेवटी रात्र सरेपर्यंत चालणारा वग. ढोलकी, हलगी, तुणतुणे आणि मंजिरी एवढ्या साहित्यावर हे राज्य उभे राही. पेशवाईच्या उत्तरकाळात राम जोशी, अनंत फंदी, परशराम, सगनभाऊ, होनाजी बाळा यांनी लावणीला वैभवाचे दिवस दाखविले. ज्यांनी व्ही. शांताराम यांचा १९५१ सालचा ‘अमर भूपाळी’ हा चित्रपट पाहिला असेल त्यांना गवळ्याच्या कुळातील होनाजीची ओळख निराळी करून द्यावयास नको. मात्र ज्यांनी ही कला पिढ्यान्‌पिढ्या पाठीवर वाहिली ती बहुतेक माणसे गावकुसाबाहेरची होती. त्यांना टाळ्या मिळाल्या, पंक्तीला पाट मिळाला नाही.

अशाच एका घराण्याची ही हकीकत आहे. खुडे हे त्यांचे आडनाव. नारायण खुडे यांनी फड उभा केला आणि त्यांचे पुत्र भाऊ व बापू यांनी तो नावारूपास आणला. ‘भाऊ-बापू मांग नारायणगावकर’ हे त्या फडाचे नाव. या नावाकडे वाचकांनी थोडे थांबून पाहावे. जी जात इतरांनी हिणविण्यासाठी उच्चारली तीच या भावांनी आपल्या फडाच्या फलकावर मोठ्या अक्षरांत लिहिली. आपणही जातीच्या नावाने मंडळ चालवितो. परंतु आपल्याला त्यासाठी जे धैर्य लागते ते त्यांच्या धैर्याच्या मानाने फार थोडे आहे.

भाऊंची कन्या विठाबाई. जन्म १९३५ सालच्या जुलै महिन्यात पंढरपूर येथे. पंढरीत जन्मली म्हणून विठा असे कोणी मानले तर ते शोभण्यासारखेच आहे. फड हेच तिचे घर आणि फड हीच तिची शाळा. लहान वयातच ती बोर्डावर उभी राहिली. पित्याने तिला पाटी दिली नाही, चाळ दिले. मी जन्मभर मुलांच्या हाती पाटी देणारा मनुष्य. तेव्हा हे वाक्य लिहिताना माझा हात अडखळतो. या मुलीला दुसरी वाट निवडण्याची मुभा नव्हती. त्या घराण्याच्या कीर्तीचे गुणगान करताना ही गोष्ट झाकून ठेवणे इतिहासाला धरून होणार नाही.

काळही अनुकूल नव्हता. स्वातंत्र्य मिळाल्यानंतर लवकरच त्या वेळच्या मुंबई सरकारने अश्लीलतेच्या कारणावरून तमाशावर बंदी घातली. कलावंतांच्या खटपटीनंतर बंदी उठली. परंतु प्रयोगापूर्वी वग सरकारी मंडळाकडून तपासून घ्यावा अशी अट आली. यातून एक गोष्ट मात्र अशी घडली की, जिचा हेतू कोणी धरला नव्हता. तोवर वग बहुधा कागदावर नसे. कथानक ठरलेले असे आणि संवाद नट जागच्या जागी रचीत. तपासणीसाठी तो लिहून काढणे भाग पडले. ज्या अटीने तमाशाची जीभ बांधावयाची होती, तिनेच त्याच्या हाती लेखणी दिली.

या वातावरणात विठाबाई मोठ्या झाल्या आणि पित्याच्या पश्चात फडाची धुरा त्यांनी वाहिली. त्यांनी आपले नाव लावले ते ‘विठाबाई भाऊ मांग नारायणगावकर’. यात भाऊ हे पित्याचे नाव, मांग ही जात, नारायणगाव हे गाव; आणि या सर्वांच्या आधी स्वतःचे नाव. पित्याचा वारसा सांगावयाचा, पण त्याच्या सावलीत लपावयाचे नाही, हे त्या नावाच्या रचनेतच दिसून येते. १९५७ साली आणि पुढे १९९० साली राष्ट्रपतींकडून त्यांचा गौरव झाला. तमाशाच्या तंबूतून निघालेली ही वाट दिल्लीपर्यंत गेली, ही लहानसहान गोष्ट नव्हे.

त्यांच्या आयुष्यातील एक प्रसंग तमाशाच्या क्षेत्रात सर्वश्रुत आहे. दिवस भरलेले असताना त्या बोर्डावर उभ्या होत्या. खेळ चालू असतानाच कळा सुरू झाल्या. पडद्यामागे जाऊन त्या प्रसूत झाल्या, दगडाने नाळ तोडली आणि पुन्हा येऊन उभ्या राहिल्या. प्रेक्षकांना खरा प्रकार कळला तेव्हा त्यांनी हात जोडून खेळ थांबविला. ही गोष्ट सांगताना लोक त्यांच्या निष्ठेची थोरवी गातात. ती थोरवी खरीच आहे. परंतु दिवस भरलेल्या बाईला त्या रात्री बोर्डावर उभे राहावे लागते, त्यामागे पोट असते, शंभर माणसांचा फड असतो आणि घेतलेली सुपारी असते, हेही आपण ध्यानात ठेविले पाहिजे. त्यागाचे कौतुक करणाऱ्यांनी त्यागाची किंमत विचारावयाची नाही, असा नियम कोठेही नाही.

किंमत पुढे दिसली. एवढी कीर्ती मिळवूनही विठाबाईंचे अखेरचे दिवस हलाखीत गेले. १५ जानेवारी २००२ रोजी त्यांचे निधन झाले, तेव्हा औषधोपचाराचा खर्चही दात्यांच्या वर्गणीतून भागवावा लागला. त्यानंतर २००६ सालापासून महाराष्ट्र शासनाने त्यांच्या नावाने तमाशा कलावंतांसाठी जीवनगौरव पुरस्कार सुरू केला. तो पहिल्या प्रथम कांताबाई सातारकर यांना मिळाला. जिवंतपणी औषधाला पैसा नाही आणि मेल्यावर नावाचा पुरस्कार, हा आपला जुनाच रिवाज आहे.

आता पुढच्या पिढीकडे येऊ. विठाबाईंच्या कन्या मंगला बनसोडे. त्याही लहानपणीच आईच्या फडात उभ्या राहिल्या आणि पुढे त्यांनी स्वतःचा मोठा फड उभारला. त्यांचे पुत्र नितीनकुमार हेही त्याच बोर्डावर आले आणि फडाच्या नावात मातेच्या नावाशेजारी पुत्राचे नाव लागले. पुढे मंगलाबाईंना शासनाचा तो पुरस्कारही मिळाला. आईच्या नावाचा सन्मान लेकीच्या हाती आला. एखाद्या वाड्याचे दार उघडून वारसदाराला आत घ्यावे, तसा तो क्षण असला पाहिजे.

कांताबाई सातारकर यांच्या घरीही हेच दिसते. पती तुकाराम खेडकर हे स्वतः नामांकित तमासगीर. त्यांच्यानंतर कांताबाईंनी फड उभा केला आणि पुत्र रघुवीर खेडकर यांनी सोंगाड्याच्या भूमिकेत नाव मिळवून फडाच्या नावात आईचे नाव राखले. कांताबाई २०२१ साली निवर्तल्या. २०२० व २०२१ या दोन वर्षांत साथीमुळे यात्रा-जत्रा बंद राहिल्या, तंबू गुंडाळलेले राहिले आणि कित्येक कलावंतांवर मोलमजुरीची पाळी आली.

येथे एक शंका वाचकांच्या मनात येईल. आजच्या तमाशात गण-गौळण आटोपती असते, चित्रपटातील गाणी वाजतात, रंगीत दिवे आणि ध्वनिवर्धक यांचा कल्लोळ असतो. मग यास भाऊ-बापूंचा वारसा कसा म्हणावा? शंका रास्त आहे. परंतु मला असे वाटते की, तमाशा हा जत्रेतला गडी आहे. समोर बसलेला गाव उठून गेला तर त्याचा वारसा त्याच रात्री संपला. दसऱ्यापासून वैशाखापर्यंत ट्रकांतून सामान आणि माणसे घेऊन गावोगाव फिरावयाचे आणि हंगामात कमाविलेल्या पैशावर पावसाळा काढावयाचा. या व्यवहारात जे टिकते ते बदलूनच टिकते. पाडव्याच्या सुमारास नारायणगावात फडांच्या राहुट्या लागतात आणि गावोगावचे पंच तेथे सुपारी देण्यास येतात. ती सुपारी जोवर दिली जाते तोवर भाऊ-बापूंचा वारसा जिवंत आहे. कपाटात ठेविलेल्या वस्तूला वाळवी लागत नाही असे नाही.

तुलनेसाठी दुसरे एक घराणे पाहू. गोमंतकातील मंगेशी येथे २९ डिसेंबर १९०० रोजी जन्मलेले मास्टर दीनानाथ मंगेशकर यांनी १९१८ साली बळवंत संगीत मंडळी काढली आणि संगीत नाटकाचा काळ गाजविला. २४ एप्रिल १९४२ रोजी पुण्यात ते वारले तेव्हा थोरली कन्या लता अवघी बारा वर्षांची होती. घरात पैसा नव्हता. त्या पाच भावंडांनी पित्याचे नाव कसे चालविले हे अवघे जग जाणते. त्यांनी पित्याची नाटके पुन्हा उभी केली नाहीत. ती रंगभूमीच मावळली होती. त्यांनी सूर पुढे नेला आणि नाव मात्र पित्याचे राखले. पुण्यातील मोठे रुग्णालय त्यांच्या नावाने उभे आहे आणि पुण्यतिथीला त्यांच्या नावाचे पुरस्कार दिले जातात. लताबाई ६ फेब्रुवारी २०२२ रोजी गेल्या. दोन्ही घराण्यांत लेकींनीच पित्याचे नाव राखले, हे साम्य आहे. भेद असा की, एका घराण्याच्या सुरांना ध्वनिमुद्रिका मिळाली, प्रतिष्ठान मिळाले. दुसऱ्या घराण्याला फक्त उद्याचा खेळ मिळाला. या भेदाचे कारण गुणांत नाही. कोणती कला घराच्या दिवाणखान्यात घ्यावयाची आणि कोणती वेशीबाहेर ठेवावयाची, हे आपण समाज म्हणून ठरविले, त्यात आहे.

वारसा रक्तानेच चालतो असेही नाही. पठ्ठे बापूराव, म्हणजे वाळवे तालुक्यातील रेठरे हरणाक्ष येथील श्रीधर कृष्ण कुलकर्णी, यांनी कुलकर्णीपणाचे वतन मागे टाकले आणि तमाशा जवळ केला. १८६६ साली जन्मलेला हा शाहीर १९४५ साली विपन्नावस्थेत वारला. बापाचा वारसा त्यांनी सोडला, परंतु त्यांच्या लावण्या ज्यांनी कंठस्थ केल्या ते सर्व त्यांचे वारस झाले. मुलाने बापाचा धंदा करावा असा दंडक नाही. तो दंडक तर जातीने घातलेला होता आणि तो मोडला हे उत्तमच झाले. विठाबाईंसारखी मुलगी आज जन्मली तर तिला आधी शाळेत पाठविली पाहिजे. पण धंदा सोडणे वेगळे आणि त्याची आठवण पुसणे वेगळे. आपण पहिले करता करता दुसरेही करून बसलो.

हे मी इतरांना उद्देशून लिहीत नाही. माझ्या वडिलांचा ढोलकीवर हात होता. पंचक्रोशीत भारुड असो, गावचा नाच असो, त्यांना बोलावणे येई. म्हशाच्या यात्रेत त्यांनी मला लहानपणी खांद्यावर बसवून वग दाखविला होता आणि त्यांची बोटे माझ्या पोटरीवर ठेका धरीत होती, ते मला अजून जाणवते. मी मॅट्रिक झालो, शिक्षक झालो आणि शहाणा झालो. १९८५ च्या सुमारास यात्रेच्या दुसऱ्या दिवशी अर्धा वर्ग पेंगताना पाहून मी ‘काल रात्री तमाशाला कोण कोण गेले होते?’ असे विचारले आणि उभे राहिले त्यांना छड्या मारल्या. संध्याकाळी हा पराक्रम मी घरी सांगितला. वडील म्हणाले, “मास्तर, मी पण गेलो होतो. मला किती छड्या?” मी हसण्यावारी नेले. ते हसले नव्हते. त्या दिवसानंतर त्यांची ढोलकी माळ्यावर गेली ती पुन्हा खाली आली नाही.

ते वारल्यावर याच स्मरणिकेत मी त्यांचा परिचय लिहिला. त्यात ते कष्टाळू शेतकरी होते, पंढरीचे वारकरी होते, हे सर्व होते. ढोलकीचा उल्लेख नव्हता. तो राहून गेला नव्हता. मी तो ठेविला नव्हता. पुढे माळा आवरताना ढोलकी सापडली तेव्हा शाई उडालेली होती आणि वाद्या उंदरांनी कुरतडल्या होत्या. त्यांची गाण्यांची वही त्यापूर्वीच रद्दीत गेली होती, आणि ती मीच घातली होती. भाऊंच्या अशिक्षित लेकीने बापाचे नाव आपल्या नावाशी गाठ मारून देशभर नेले. शिकलेल्या मुलाने बापाचे नाव अर्धेच छापले. यावर अधिक भाष्य नको.

समाजबंधू-भगिनींनो, आपल्या प्रत्येक गावात असा एखादा भजनी, एखादा भारूडकार, एखादा सोंगाड्या, ओव्या रचणारी एखादी आजी होऊन गेली असेल. त्यांच्यासाठी प्रतिष्ठान काढण्याची आपली ऐपत नाही आणि गरजही नाही. माझी विनंती अगदी साधी आहे. घरात जुनी वही किंवा बाड असेल तर ते रद्दीत घालू नये. त्याची छायाप्रत मंडळाकडे द्यावी. वृद्ध मंडळींचा आवाज मुलांनी आपल्या मोबाईलवर मुद्रित करून ठेवावा आणि गाणाऱ्याचे नाव, गाव व साल त्याबरोबर नोंदवावे. नाव नसलेला आवाज लवकरच पोरका होतो. आणि या स्मरणिकेसाठी परिचय लिहिताना पूर्वजांच्या शेती-नोकरीबरोबर त्यांच्या कलेचाही उल्लेख निःसंकोचपणे करावा. पुढील अंकात त्यासाठी दोन पाने राखून ठेवावीत अशी माझी संपादक मंडळास नम्र सूचना आहे.

त्या पानांवरील पहिली नोंद मी आजच देऊन ठेवतो. माझे वडील शेतकरी होते, वारकरी होते आणि पंचक्रोशीतील उत्तम ढोलकीवादक होते. ढोलकी मी मढवून घेतली आहे. ती वाजविणारा घरात कोणी नाही. परंतु आता ती माळ्यावर नाही, ओटीवर आहे. कोणाच्या मुलाला शिकावयाची इच्छा असेल तर त्याने खुशाल येऊन घेऊन जावी.